पोर्ट करा, पण विचारून!

‘स्कायरिम’ खेळणाऱ्यांना हा अनुभव नवा नाही. २०११ चा जुना गेम सोडून तुम्ही स्पेशल एडिशनवर येता, जीव लावलेला एखादा जुना मॉड तसाच फोल्डरमध्ये टाकता आणि गेम धाडकन बंद! गोष्ट तीच, नकाशा तोच, मग बिनसलं कुठे?

जुना स्कायरिम ३२ बिटचा आणि २०१६ ची स्पेशल एडिशन ६४ बिटची. घर तेच, पण आतलं वायरिंग बदललेलं. म्हणून प्लगइन क्रिएशन किटमध्ये उघडून पुन्हा सेव्ह करावा लागतो, म्हणजे फॉर्म ४३ चा ४४ होतो. थ्रीडी मॉडेल्स आणि ॲनिमेशन्सही नव्या फॉरमॅटमध्ये न्यावी लागतात. त्यासाठी तयार टूल्स आहेत. खरी अडचण एसकेएसईच्या डीएलएल फाइल्सची. त्या नव्याने कंपाइल करायच्या तर मूळ सोर्स कोड हवा आणि तो असतो मॉड बनवणाऱ्याकडे. तो खुला नसेल तर गाडी तिथेच अडते. २०२१ च्या ॲनिव्हर्सरी अपडेटने तर स्पेशल एडिशनच्या अशा मॉड्सनाही पुन्हा हाच वनवास घडवला.

पण फाइल बदलता आली म्हणजे ती आपली झाली का? स्वतःच्या पीसीवर खुशाल बदला. अपलोड करायची असेल तर आधी परवानगीची अट वाचा, बनवणाऱ्याला विचारा. कुणीतरी रात्री जागून, एक रुपयाही न घेता केलेलं ते काम आहे. फक्त ‘क्रेडिट टू ओरिजिनल ऑथर’ लिहिलं म्हणजे परवानगी मिळाली असं होत नाही.

‘तो माणूस कधीचाच ऑनलाइन नाही, मग मॉड मरू द्यायचा?’ हा तुमचा प्रश्न रास्त आहे. अशा वेळी मूळ फाइल्स न वाटता कन्व्हर्जनची कृती लिहून द्या. ज्याला हवं तो मूळ मॉड उतरवून स्वतः बदलून घेईल.

आणि उद्या तुम्ही स्वतः मॉड बनवलात तर पहिल्याच दिवशी दोन ओळी लिहून ठेवा: ‘मी वर्षभर दिसलो नाही, तर पोर्ट करा. नाव तेवढं राहू द्या.’ जमलं तर सोर्स कोडही सोबत ठेवा. सीनियर पास होऊन गेला आणि त्याचा प्रोजेक्ट कुणालाच चालवता येईना, हे कॉलेजच्या लॅबमध्ये आपण पाहतोच की! गेमच्या नव्या एडिशन येतच राहणार. आपलं काम त्यांच्यासोबत पुढे जाईल का, हे त्या दोन ओळींवर ठरतं.