आपली वंशावळ आपणच लिहू



प्लॉटवर दाव्याची तपासणी लागली की साहेब विचारतात, "तुझा आजा इथंच राहत होता, याला पुरावा काय?" आणि आपला माणूस गप्प होतो. आजाला कुठे पुरलं ते त्याला माहीत असतं, आजानं लावलेला आंबाही तो दाखवतो. कागद मात्र नसतो.

कागद का नाही, हे कोणी विचारत नाही. आपले वाडवडील खैराचा कात काढायचे, म्हणून आपण कातकरी. इंग्रज सरकारनं जंगल राखीव केलं आणि तो धंदा गेला. मग कोळशाची भट्टी, मग वीटभट्टी. दिवाळी झाली की उचल घेऊन घरंच्या घरं वाडी सोडतात, ती पावसाच्या तोंडावर परततात. पोर भट्टीवर जन्मतं, त्याची नोंद होत नाही. शाळेत नाव घातलं तरी वर्षाच्या मध्येच सुटतं. एका मास्तरनं आडनाव वाघमारे लिहिलं, दुसऱ्यानं नुसतं कातकरी. माझा बाप आणि चुलता सख्खे भाऊ, पण आडनावं दोन, म्हणून कागदावर परके. जातीच्या दाखल्याला ६ सप्टेंबर १९५० च्या आधीचा पुरावा मागतात, तिथेही हाच अडथळा. म्हणजे गरिबीनं कागद होऊ दिला नाही, आणि आता कागद नाही म्हणून जमीन नाही!

पण कायदा असं म्हणत नाही. वनहक्क कायदा २००६ चा, त्याचे नियम २००८ चे. नियम १३ नीट वाचून घ्या. जुनी विहीर, पुरण्याची जागा, देवाची जागा हा पुरावा आहे. दावेदार सोडून गावातल्या इतर म्हाताऱ्या माणसांचा लिहून घेतलेला जबाब हा पुरावा आहे. वंशावळ हासुद्धा पुरावा आहे. जुन्या दळीच्या नोंदीत ज्याचं नाव आहे, त्याच्याशी आपलं नातं वंशावळीनं जोडता येतं. अमुकच कागद आणा असा हट्ट वरच्या समित्यांना धरता येत नाही, हे २०१२ च्या दुरुस्तीत लिहिलेलं आहे. आणि तीन पिढ्यांची, ७५ वर्षांची अट बिगर आदिवासींना आहे. आपल्याला १३ डिसेंबर २००५ च्या आधीचा कब्जा दाखवायचा आहे.

तारखा आठवत नाहीत असं म्हणू नका. आपल्या म्हाताऱ्या साल सांगत नाहीत, पण खूण सांगतात. कोयनेचा भूकंप झाला ते १९६७. जांभूळपाडा बुडालं ते १९८९. २६ जुलैचा महापूर आला ते २००५, म्हणजे कायद्याच्या तारखेच्या आधी साडेचार महिने. "पुराच्या साली हा बांध होता का?" असं विचारा, जबाब आपोआप तारखेला लागतो.

म्हणून प्रत्येक वाडीनं एक वही घालावी. घरटी आजा, पणजा, त्यांच्या बायका, बायकांचं माहेर, पोरं, कोण कुठून आलं, कोणती जागा कसली, सगळं लिहा. एकाच घराची दोन आडनावं असतील तर दोन्ही लिहा आणि खाली नातं लिहा. जबाबावर अंगठा घ्या, ग्रामसभेत वाचून ठराव करा, दाव्याला जोडा आणि पोच घ्या. एका पुराव्यावर थांबू नका, निदान दोन तरी जोडा.

२५ सप्टेंबर १९३० ला चिरनेरच्या जंगल सत्याग्रहात गोळीबार झाला. त्यात नाग्या महादू कातकरी हुतात्मा झाला. त्याचं आणि त्याच्या बापाचं नाव राहिलं, कारण ते लिहिलं गेलं. त्या काळी याच डोंगरांत राहिलेल्या आपल्या बाकीच्या आजा-पणजांची नावं फक्त आपल्या म्हाताऱ्यांच्या तोंडी आहेत. एक म्हातारी गेली की चार पिढ्या तिच्याबरोबर जातात.

भट्टीवरचा ट्रक दिवाळीनंतर येईल. वही त्याच्या आधी पुरी झाली पाहिजे.