वाळू, पास आणि कोर्टाची पायरी

गोदावरी पाथरी, सोनपेठ, गंगाखेड, पालम, पूर्णा असे तालुके ओलांडत परभणी जिल्ह्यातून पुढे नांदेडकडे जाते. जनाबाईचे गंगाखेड याच काठावरचे. पिढ्यान्‌पिढ्या या काठाने घरे बांधली ती हिच्याच वाळूवर. आज मात्र वाळू म्हटले की डोळ्यांपुढे येतात ती तहसील कचेरीच्या आवारातली जप्त वाहने, आणि ती सोडवण्यासाठी औरंगाबाद खंडपीठाची पायरी चढणारे त्यांचे मालक.

भांडण वरकरणी एका कागदाचे असते. वाहतुकीचा पास होता की नव्हता, त्यावरची वेळ टळली होती की नाही, ट्रॉलीत एक ब्रास, म्हणजे शंभर घनफूट, होती की जास्त. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ४८ खाली विनापरवाना वाळूला बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो. वाहन सोडवण्याचे पैसे निराळे. जानेवारी २०१८ च्या अधिसूचनेने ते ट्रॅक्टरला एक लाख आणि डंपरला दोन लाख ठरवले. मग याचिकेत म्हटले जाते की जप्ती करणाऱ्याला अधिकारच नव्हता, पंचनामा धड नव्हता, म्हणणे न ऐकताच दंड ठोकला.

उभी हयात बँकेत काढलेल्या माणसाला यात आणखी एक कागद दिसतो, तो कर्जाचा. ट्रॅक्टर बँकेकडे तारण असतो आणि हप्ता सुगीच्या भरवशावर बांधलेला असतो. वाहन आवारात गंजत असले तरी व्याज थांबत नाही. निकाल लागेपर्यंत पेरणी निघून जाते, आणि जिंकलेला माणूसही थकबाकीदार ठरतो.

म्हणून काही सगळे मालक गरीब बिचारे ठरत नाहीत. रात्री यंत्राने पात्र खरवडणारे कोण, हे काठावरच्या गावाला ठाऊक असते. वाळू पाणी धरून ठेवते. ती गेली की नदीकाठच्या विहिरींचे पाणी खाली जाते, आणि त्याची नुकसानभरपाई कुणी मागत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१२ साली हरियाणातील प्रकरणात पाच हेक्टरांहून लहान खाणपट्ट्यांनाही पर्यावरण मंजुरी सक्तीची केली, ती उगाच नव्हे.

दुखणे वेगळेच आहे. दंड वाढत गेला, पण कायदेशीर वाळू मिळणे सोपे झाले नाही. २०२३ च्या धोरणाने सरकारी डेपोतून सहाशे रुपये ब्रासने वाळू देण्याचे ठरवले. २०२५ मध्ये ती पद्धत बंद करून पुन्हा लिलाव आले, आणि घरकुलाला पाच ब्रासपर्यंत मोफत वाळूचे आश्वासनही आले. पण घाटाचा लिलाव रखडला की घराचे काम थांबत नाही. गवंडी दारात उभा असतो, पावसाळा तोंडावर असतो. आपल्यापैकी ज्यांनी अलीकडे घर बांधले, त्यांनी आलेल्या वाळूचा पास मागितला होता का, हे ज्याचे त्याने आठवावे. आपण मागत नाही, म्हणून चोरीला गिऱ्हाईक मिळते.

न्यायालय फार तर वाहन सोडील किंवा नव्याने सुनावणी घ्यायला सांगील. नदी त्या याचिकेत पक्षकार नसते. तिचे काम गावातच व्हायला हवे. कोणत्या घाटातून किती ब्रास उपशाला मंजुरी आहे आणि आजवर किती उचलली, याचा फलक ग्रामपंचायतीच्या दारावर लागावा. घरकुलवाल्याला पास तालुक्यातच, मुदतीत मिळावा. जप्तीनंतरची सुनावणी ठरावीक दिवसांत संपावी. एवढे झाल्यावर जो विनापास सापडेल, त्याच्यावर दया दाखवायचे कारण उरणार नाही. सरळ वाट बंद ठेवून आडवाटेवर चौकी बसवली, तर दंड जमा होईल, पण पात्र भरणार नाही.