कच्च्या कोबीची कोशिंबीर व उत्पादकाची कसोटी

कोबी हें पीक आपल्याकडील बागाईतदारास आतां नवें राहिलेलें नाहीं. हिंवाळ्यांत गड्डे एकदम तयार होतात, बाजारांत आवक वाढते, भाव पडतो आणि मग उभ्या पिकांत जनावरें सोडण्याची किंवा नांगर घालण्याची पाळी कित्येकांवर येते. अशा वेळीं दोष नेहमीं दलालावर व बाजारावर टाकला जातो. त्यांत तथ्य नाहीं असें नाहीं. परंतु कोबी खाणाराकडे पाहिलें तर दुसरेंही एक कारण दिसतें. आपल्या घरांत कोबी म्हटला कीं फोडणीची भाजी, फार तर थोडी पचडी, याच्यापुढें मजल जात नाहीं. आणि शहरांतील पुष्कळ घरांत कच्च्या कोबीविषयीं भीतिच बसलेली आहे. फळें घालून केलेली कच्च्या कोबीची कोशिंबीर आपल्या पानांत नित्य असावी, आणि ती निःशंकपणें खातां येईल असा कोबी पिकविणें हें उत्पादकाचें कर्तव्य आहे, असें आमचें मत आहे. या दोन गोष्टी एकमेकींपासून वेगळ्या करतां येत नाहींत.

आपल्या पूर्वेकडील देशांत कच्च्या भाज्या व फळें एकत्र कालवून खाण्याची चाल फार रूढ आहे. थायलंडचा इसान प्रांत व त्याला लागून असलेला लाओस येथें हिरव्या पपईचा कीस लसूण, मिरची, चवळीच्या कोंवळ्या शेंगा, लिंबाचा रस, ताडगूळ व माशांच्या खारवलेल्या अर्काबरोबर उखळींत हलकेच कुटतात. त्यांत भाजलेले शेंगदाणे पडतात, आणि बाजूला कच्च्या कोबीची फोड ठेवलेली असते. व्हिएतनामांत ‘गोई’ नांवाचा प्रकार आहे. त्यांत कोबी बारीक चिरून सुगंधी पाला, आंबट-गोड रस व शेंगदाणे घालतात. जावा बेटांतील बोगोर गांवाचें ‘आसिनान’ प्रसिद्ध आहे. तेथें फळें आंबट, गोड व तिखट खारवणींत मुरवितात, आणि जाकार्ताच्या आसिनानांत कोबी व मोड आलेलीं कडधान्यें असतात. ब्रह्मदेशांत मुरविलेल्या चहाच्या पानांत कोबी, शेंगदाणे, तीळ व तळलेल्या डाळी हातानें कालवून खातात. तेथील कित्येक कोशिंबिरींस डाळीचें भाजलेलें पीठही लावतात. हेंच मिश्रण अलीकडे पाश्चात्य उपाहारगृहांत ‘एशियन स्लॉ’ या नांवानें मोठ्या कौतुकानें वाढलें जातें. ‘स्लॉ’ हा शब्द ‘कोलस्ला’ या डच शब्दापासून आला असून त्याचा अर्थ कोबीची कोशिंबीर एवढाच आहे. पाश्चात्य रीतींत जेथें अंड्या-तेलाचा दाट लेप असतो, तेथें या पौर्वात्य रीतींत लिंबू, मिरची व शेंगदाणा येतो.

हें परक्यांचें खाणें आपल्यास काय करावयाचें, असा आक्षेप कोणी घेईल. त्यास उत्तर असें कीं, यांतील बहुतेक जिन्नस त्या देशांसही एके काळीं परकेच होते. मिरची, शेंगदाणा, पपई व पेरू हीं सर्व अमेरिकेंतून आलेलीं. युरोपीय दर्यावर्द्यांच्या मागोमाग तीं आशियांत पसरलीं. कोबी युरोपांतील, आपला ‘कोबी’ हा शब्दच मुळीं पोर्तुगीज भाषेंतून आलेला आहे. तेथील लोकांनीं हे जिन्नस आपल्या चवीस लावून घेतले, एवढेंच. आपल्या कोठारांत तर सर्व साहित्य हात जोडून उभें आहे. ताडगुळाऐवजीं गूळ, आंबटास लिंबू, चिंच अथवा कैरी, माशांच्या अर्काऐवजीं साधें मीठ. मासे खाणाऱ्या कोंकणी व गोमंतकीय घरांत सुका जवळा भाजून चुरला तर तो थायलंडांतील सुक्या कोळंबीच्याच जागीं बसतो. आणि कूट घातल्यावांचून आपली कोशिंबीर होतच नाहीं, हें काय सांगावयास पाहिजे!

आतां कृति. सहा माणसांस अर्धा किलो कोबी, पाव किलो नुकती डोळा फुटलेली घट्ट पपई, एक करकरीत पेरू, एक गाजर व वाटीभर डाळिंबाचे दाणे पुरे होतात. उन्हाळ्यांत पेरूच्या जागीं कैरी घ्यावी. गड्डा घट्ट, जड व ताजा असावा. त्याचीं बाहेरचीं तीन-चार पानें काढून टाकावीं, चार फोडी कराव्या, प्रत्येक फोड वाहत्या पाण्याखालीं धुवावी आणि मधला दांडा काढून विळीवर होईल तितका बारीक चिरावा. चिरलेला कोबी पाव तास थंड पिण्याच्या पाण्यांत ठेवला म्हणजे कुरकुरीत होतो. मात्र नंतर तो स्वच्छ फडक्यावर पसरून पूर्ण निथळला पाहिजे, नाहीं तर रस पाण्यासारखा पातळ होतो. पपई सोलून लांब किसावी आणि तो कीस बत्त्यानें हलकेच चेचावा, म्हणजे रस आंत शिरतो.

रसासाठीं लसणाच्या तीन पाकळ्या, दोन हिरव्या मिरच्या, बोटाच्या पेराएवढें आलें व एक लहान चमचा मीठ खलांत वाटावें. त्यांत दोन मोठे चमचे चिरलेला गूळ विरघळवून दोन लिंबांचा रस पिळावा. चाखून पाहावें. आंबट, गोड, खारट व तिखट या चारांपैकीं कोणतीही एक चव दुसऱ्यांवर कुरघोडी करीत असेल तर ती सुधारावी. पेरू सर्वांत शेवटीं चिरून लगेच रसांत टाकावा, म्हणजे काळा पडत नाहीं. पानें मांडल्यावरच सर्व एकत्र कालवावें व वरून अर्धी वाटी भाजलेल्या शेंगदाण्यांचा जाडसर कूट, कोथिंबीर आणि पुदिना घालावा. या घाईचें कारण उघड आहे: मीठ लागतांच कोबी व फळें पाणी सोडूं लागतात, आणि अर्ध्या तासांत कोशिंबिरीचें सार होतें. गर्भवती स्त्रियांच्या पानांत मात्र कच्ची पपई घालूं नये, आणि ज्यांस गलगंडाचा विकार आहे त्यांनीं कच्चा कोबी रोज खाण्यापूर्वीं वैद्यास विचारावें.

शंभर ग्रॅम कच्च्या कोबींत सुमारें ३० ते ४० मिलिग्रॅम ‘क’ जीवनसत्त्व असतें. पेरूंत तर त्याच्या कित्येक पट असतें. हें सत्त्व उष्णतेनें नाश पावतें व शिजविण्याच्या पाण्यांत उतरतें. तेव्हां कच्चें खाण्यांत लाभ आहे, याविषयीं वाद नाहीं.

परंतु येथेंच खरा प्रश्न उभा राहतो. शिजविलेल्या भाजींत विस्तव आपले पुष्कळसे अपराध पोटांत घालतो. पाणी घाण असलें तरी त्यांतील जंतु आंचेवर मरतात, व चुकून राहिलेली अळीही शिजून जाते. कच्च्या कोबींत ही सोय नाहीं. शेतांत जें पानावर पडलें, तें खाणाराच्या पोटांत जाण्याचा संभव आहे.

प्रथम पाण्याचें पाहूं. कोबी खाल्ल्यानें मेंदूंत जंत होतात, ही समजूत शहरांत फार पसरली आहे. ती जशीच्या तशी खरी नव्हे, आणि निव्वळ खोटीही नव्हे. तो जंत कोबींत उपजत नाहीं. डुकराच्या कच्च्या मांसावाटें होणाऱ्या पट्टकृमीचीं अंडीं रोगी मनुष्याच्या विष्ठेंतून बाहेर पडतात. तें मैलापाणी मळ्यांत गेलें, किंवा शेतांतच कोणी शौचास बसलें, तर तीं अंडीं पानास चिकटतात, आणि कच्च्या भाजीबरोबर पोटांत गेल्यास त्यांतून निघालेल्या अळ्या मेंदूपर्यंत पोंचून फेफरें येऊं शकतें. म्हणजे दोष कोबीचा नसून पाण्याचा व आपल्या संवयींचा आहे. शहराच्या नाल्यावर मळा भिजविणाऱ्यानें कोबी, मुळा, कोथिंबीर यांसारखीं कच्चीं खाल्लीं जाणारीं पिकें घेऊं नयेत. विहिरीचें पाणी असणारानेंही काढलेले गड्डे डबक्यांत धुऊं नयेत.

दुसरी गोष्ट औषधांची. कोबीचा मोठा वैरी म्हणजे चौकोनी ठिपक्यांचा पतंग. त्याच्या अळ्या दिसतांच आठवड्यास फवारणी, आणि ती लागू न पडल्यास आणखी कडक औषध, अशी कित्येकांची रीत आहे. या रीतीचा शेवट कोठें होतो, हें जावा बेटानें जगास दाखविलें आहे. तेथें याच किडीवर डीडीटी निरुपयोगी झाल्याचें १९५३ सालीं प्रसिद्ध झालें. पुढें इतर अनेक औषधांचीही तीच गति झाली. कीड औषधास जुमानीत नाहीं, आणि अंश मात्र खाणाराच्या वांट्यास येतो. आपल्याकडे मोनोक्रोटोफॉस भाजीपाल्यावर वापरण्यास २००५ सालीं मनाई झाली, आणि २००६ सालच्या अन्नसुरक्षेच्या कायद्यान्वयें अन्नांतील कीटकनाशकांच्या अंशांस मर्यादा घातल्या गेल्या. परंतु प्रत्येक गड्डा तपासावयास सरकार येऊं शकत नाहीं.

उपाय नाहींत असें नाहीं. कोबीच्या दर पंचवीस ओळींमागें मोहरीच्या दोन ओळी घ्याव्या, एक कोबी लावण्यापूर्वीं सुमारें पंधरा दिवस व दुसरी लावणीनंतर सुमारें पंचवीस दिवसांनीं. पतंग मोहरीवर धांवतो व फवारणी तेवढ्या ओळींवरच करावी लागते. बंगळूरच्या भारतीय बागवानी संशोधन संस्थेनें ही पद्धति सुचविलेली आहे. कोबीवर पांच टक्के निंबोळी अर्क अथवा बीटी जिवाणूंचें औषध वापरावें. तेवढ्यानें न भागल्यास शिफारस केलेलेंच औषध घ्यावें, आणि डब्याबरोबरच्या पत्रकांत फवारणीपासून काढणीपर्यंत जितके दिवस सोडण्यास सांगितलें असेल तितके दिवस भाव कितीही चढला तरी गड्ड्यास हात लावूं नये. फवारणीची तारीख वहींत टिपून ठेवण्यास कांहीं खर्च येत नाहीं.

यावर शेतकरी बंधु म्हणतील कीं, स्वच्छ कोबीस बाजारांत दमडीही जास्त मिळत नाहीं, मग एवढी यातायात कोणी करावी? ही अडचण खरी आहे, व एकट्या शेतकऱ्यानें ती सुटणारी नाहीं. दहा-वीस उत्पादकांनीं संस्थेमार्फत एकत्र येऊन, पाण्याची तपासणी करून व फवारणीच्या वह्या उघड्या ठेवून, ‘कच्चा खाण्याजोगा कोबी’ म्हणून आपला माल शहरांतील खाणावळींस व गृहसंस्थांस थेट दिला, तर खाणाराची भीति कमी होईल आणि भीति गेली म्हणजे खप वाढेल. परंतु मिळकतीचा विचार बाजूस ठेविला तरी एक गोष्ट उरतेच. कित्येक मळ्यांत घरच्यासाठीं दोन सऱ्या वेगळ्या राखलेल्या असतात. त्यांवर औषध मारीत नाहींत. त्या दोन सऱ्या म्हणजे आपण काय विकतों याची आपणच दिलेली कबुली आहे. धान्य पिकविणारास अन्नदाता म्हणवून घ्यावयाचें असेल, तर ही विभागणी त्यानें मोडली पाहिजे.

म्हणून आमची सूचना साधी आहे. या हंगामांत प्रत्येक उत्पादकानें विक्रीच्या ओळींतीलच एक गड्डा, गाडी भरण्याच्या दिवशीं, घरीं न्यावा. वरील रीतीनें त्याची कोशिंबीर करवावी आणि मुलाबाळांसह पंक्तीस बसून खावी. हात आखडत असेल तर त्याचें कारण वहींत पाहावें, आणि पुढील लावणीपूर्वीं तें दूर करावें.