हाताची चव

गेल्या श्रावणात माझे एक कवीमित्र अमरावतीहून आमच्या घरी जेवायला आले होते. बेत साधाच होता: पोळ्या, भात, मिरचीचा ठेचा आणि डाळभाजी. त्यांनी पहिला घास घेतला, डोळे मिटले आणि मान डोलावून म्हणाले, "वा! याला म्हणतात आईच्या हातची चव. सारी हॉटेले हिच्यावरून ओवाळून टाकावीत."

आईचा उजवा हात त्या वेळी कोपराखालपासून बोटांच्या मुळापर्यंत प्लास्टरमध्ये होता. आतल्या खोलीत पलंगावर बसून, डाव्या हातात चमचा धरून, ती तीच डाळभाजी जेवत होती. भाजी केली होती मी.

तसे सांगताच कवीमित्र क्षणभर गडबडले. पण कवी हार जाणारा प्राणी नव्हे. "म्हणजे काकूंनी सांगितले तसे तुम्ही केले," ते म्हणाले, "तेव्हा हात एका अर्थी काकूंचाच!" आणि त्यांनी आणखी भात मागितला.

वाचकहो, हा लेख त्या 'एका अर्थी'च्या विरुद्ध आहे.

दिवाळी अंक हाती घ्यावा आणि त्यात आईच्या हातच्या चवीवर कुठेच काही नसावे, असे सहसा घडत नाही. मी स्वतः या पापातला वाटेकरी आहे. माझ्या दुसऱ्या कादंबरीतला नायक वीस वर्षांनी गावी परततो आणि आईच्या हातची डाळभाजी खाऊन रडतो. चांगली दोन पाने रडतो. त्या पानांबद्दल मला जितकी पत्रे आली तितकी साऱ्या कादंबरीबद्दल आली नाहीत. आणि ती लिहिताना डाळभाजीत डाळ कोणती पडते हेही मला धड ठाऊक नव्हते. तूर असावी, एवढा अंदाज.

मग आषाढात आई अंगणातल्या शेवाळावरून घसरली आणि तिचे मनगट मोडले. डॉक्टरांनी सहा आठवडे सांगितले. पत्नी आरोग्यसेविका आहे. तिची नेमणूक दुसऱ्या तालुक्यात. ती शनिवारी संध्याकाळी येते आणि सोमवारी पहाटेच्या एस.टी.ने जाते. घरात उरलो मी आणि नववीतला मुलगा. चार दिवस शेजारच्या घरांतून डबे आले. पाचव्या दिवशी लाज वाटून मी स्वयंपाकघरात शिरलो.

पहिल्या दिवशीची हकीकत सांगण्याजोगी नाही, तरी सांगतो. तुरीची डाळ, पालक, आंबट चुका, टोमॅटो, वर चिंचेचा कोळ, असे सारे एकदम कुकरात कोंबले आणि पाच शिट्ट्या घेतल्या. झाकण उघडले तर डाळ दाणा न् दाणा वेगळी, आणि पालकाचा चिखल. आणखी पाच शिट्ट्या घेतल्या. चिखल वाढला, दाणे तसेच. आतून आईचा आवाज आला, "काहून रे, चुका डायीसंगच टाकला का?"

तिने काही पाहिले नव्हते. शिट्ट्या मोजल्या होत्या, इतकेच.

"आंबट मागून घालाव बाप्पा. नाही तं ते डाय उद्यालोक शिजत नाही."

मी शाळेत चित्रकला शिकवतो. माझे शिक्षण मॅट्रिक आणि त्यापुढे चित्रकलेची पदविका, एवढेच. रसायनशास्त्राशी माझा संबंध रंगांच्या डब्यांपुरता. म्हणून दुसऱ्या दिवशी विज्ञानाच्या मास्तरांना विचारले. त्यांनी मधल्या सुट्टीत फळ्यावर आकृती काढून समजावले. डाळीच्या दाण्यातल्या पेशी एकमेकींना चिकटवून ठेवणारा पेक्टिन नावाचा एक पदार्थ असतो. गरम पाण्यात तो सुटू लागला की डाळ मऊ होते. पाणी आंबट असले की तो लवकर सुटत नाही. पाणी जड असले, म्हणजे त्यात चुना फार असला, तर तो चुना पेक्टिनला आणखीच घट्ट धरून ठेवतो. "तुमच्याकडे बोअरचं पाणी असेल तर डाळ शिजायला त्रास होणारच," ते म्हणाले.

आमच्याकडे बोअरच आहे, आणि त्याच्या पाण्याने भांड्यांवर पांढरे पुटे चढतात. पण स्वयंपाकघराच्या कोपऱ्यात एक पितळी कळशी असते. नळाला पाणी आले की आई ती वेगळी भरून ठेवते. लहानपणापासून मी ती कळशी पाहत आलो आहे. तिला हात लावला म्हणून एकदा पाठीत धपाटाही खाल्ला आहे. ती कशासाठी, हे मी कधी विचारले नाही. ती डाळीच्या पाण्याची कळशी होती.

आता सांगा, यात हात कुठे आला?

आई चौथी शिकलेली. ज्या गोष्टीसाठी मास्तरांना फळा लागला ती तिला ठाऊक होती, आणि नुसती ठाऊक नव्हती, तिच्यावर तोडगा काढून तो ती रोज अमलात आणीत होती. नव्या डाळीला किती वेळ लागतो आणि गेल्या साली भरलेल्या डाळीला किती, हे ती डाळ मुठीत घेऊन सांगते. घोटलेल्या डाळीत गार पाणी घातले की रस बेचव लागतो, म्हणून शेजारच्या शेगडीवर आधण ठेवावे, हे तिने मला चार वेळा सांगितले आणि पाचव्या वेळी मी ते ऐकले. हे सारे ज्ञान आहे. डॉक्टराने नाडी पाहून दुखणे ओळखले तर आपण त्याच्या विद्येला नमस्कार करतो. बाईने शिट्ट्या ऐकून भाजी ओळखली तर म्हणतो, हाताला चव आहे! म्हणजे डोके नाही, अभ्यास नाही, पन्नास वर्षांची निरीक्षणे नाहीत. देवाने मनगटाशी एक पुडी बांधून पाठवली आहे, ती आपोआप कढईत सांडते. या स्तुतीत किती अपमान आहे, हे ती दोन पाने छापून झाल्यावर कित्येक वर्षांनी माझ्या ध्यानात आले.

आणि जी गोष्ट हातात उपजतच असते ती दुसऱ्याने शिकण्याचा प्रश्नच उरत नाही. इथे या थोतांडाचा खरा उपयोग आहे. कवीमित्राला डाळभाजी करता येत नाही, कारण त्याला तो 'हात' मिळालेला नाही! बिचारा काय करणार? जेवणार आणि लिहिणार.

कोणी म्हणेल, ही आपली जुनी परंपरा आहे. कसली परंपरा? 'सूपशास्त्र' नावाचे मराठी पाकशास्त्राचे पुस्तक १८७५ साली निघाले. ते लिहिले रामचंद्र सखाराम गुप्ते यांनी, म्हणजे एका पुरुषाने. संस्कृतात सूप म्हणजे डाळीचे कालवण आणि सूपकार म्हणजे स्वयंपाकी. विराटाच्या मुदपाकखान्यात खुद्द भीम बल्लव होऊन राबला. आजही आमच्या वऱ्हाडातल्या लग्नात पाचशे पानांची डाळभाजी ज्या कढयांत शिजते त्या ढवळणारा आचारी बहुधा पुरुषच असतो, आणि त्या डाळभाजीसाठी लोक वऱ्हाडात रांग लावतात. त्याच्या हातावर मात्र कोणी कविता करीत नाही. त्याला मजुरी मिळते. जिथे मजुरी द्यायची नसते तिथे कविता.

१९७० साली कमलाबाई ओगले यांचे 'रुचिरा' आले. त्यांनी वाटी आणि चमचा या घरातल्या मापांत पदार्थ सांगितले आणि हजारो नव्या संसारांची सोय केली. 'अंदाजाने घालावे' या मंत्रावर याहून मोठा घाव मराठीत कोणी घातला नसेल. पण ते पुस्तकही आपण मुलींनाच भेट देत आलो.

मीही माप सांगतो, म्हणजे वाद हवेत राहणार नाही. पाच माणसांना तुरीची डाळ एक वाटी. हरभऱ्याची डाळ पाव वाटी आणि शेंगदाणे मूठभर, ही दोन्ही दोन तास भिजवून. हळद आणि थेंबभर तेल घालून हे तिन्ही कुकरात मऊ शिजवावे. पालकाची एक जुडी बारीक चिरून त्यातच घातली तरी चालते. चुका मात्र घालू नये. शिजले की घोटावे, पण पीठ करू नये. शेंगदाणा दाताखाली आला पाहिजे. मग तेलात मोहरी, जिरे, हिंग, ठेचलेले आले-लसूण, हिरवी मिरची. त्यावर टोमॅटो आणि अर्धी जुडी चुका परतून गळू द्यावा, आणि मग त्यात घोटलेली डाळ, मीठ आणि आधणाचे पाणी. मंद आचेवर दहा मिनिटे. शेवटी वरून लसणाची आणि लाल मिरचीची चुरचुरीत फोडणी. चौथ्या खेपेस मला जमली. मी फार हुशार विद्यार्थी कधीच नव्हतो. तेव्हा चार खेपा हे प्रमाण धरावे.

२०१९ साली सरकारने देशभर एक पाहणी केली, कोणाचा वेळ कशात जातो याची. घरकाम करणाऱ्या बायकांचा दिवसाला सरासरी २९९ मिनिटे वेळ त्यात जात होता. पुरुषांपैकी घरकामाला हात लावणारे चारांत जेमतेम एक, आणि त्यांची मिनिटे ९७. या आकड्यांवर कवीमित्रांनी एखादी ओवी रचून दाखवावी.

काही भगिनी या लेखावर रागावतील, हे मला ठाऊक आहे. "माझ्या हातचे असल्याशिवाय यांच्या घशाखाली घास उतरत नाही," असे अभिमानाने सांगणाऱ्या बाया मी पाहिल्या आहेत. ज्या घरात दुसरा कसलाच मान मिळत नाही तिथे हा एक मान जपावासा वाटतो, हे मी समजू शकतो. पण ताप चढलेला असतानाही तो मान चुलीपाशी उभे करतो. मी मॅट्रिकला होतो त्या वर्षी परीक्षेच्या दिवसांत आईला हिवताप होता. तिने डब्यात डाळभाजी आणि पोळी दिली. मी डबा संपवून आलो आणि 'छान झाली होती' म्हणालो. आजवर हे मी प्रेम म्हणून सांगत आलो होतो.

आणखी एक. २०१५ च्या दिवाळीच्या सुमारास तुरीची डाळ किलोला दोनशे रुपयांच्या घरात गेली होती. आमच्या घरी डाळभाजी बंद झाली नाही, चवही बदलली नाही; मी आलेल्या-गेलेल्यांपाशी हाताच्या किमयेचे कौतुक केले. या श्रावणात, प्लास्टरचा हात उशीवर ठेवून आईने ती किमया सांगितली. डाळ निम्मी, पालक दुप्पट, चमचाभर बेसन, आणि स्वतःच्या पानात वरचे पाणी. "मले पातळच आवडते," असे ती तेव्हा म्हणत असे. तिला घट्ट आवडते, हे मला सत्तेचाळिसाव्या वर्षी कळले.

मुलगा पालक निवडीत जवळच बसला होता. त्याने विचारले, "बाबा, हे आजीचा हात बरा होईपर्यंतच ना?"

प्रश्न सरळ होता. त्याला आशा होती की मी हो म्हणेन, आणि खरे सांगतो, माझ्याही जिभेवर 'हो' आला होता. आई माझ्या तोंडाकडे पाहत होती. मी म्हणालो, "नाही. सोम, बुध, शुक्र माझे. रविवार तुझा." तो रुसला आणि देठे जास्तच लांब तोडू लागला. आई काही बोलली नाही. तिने डाव्या हाताने त्याच्यापुढची देठे उचलली आणि कोवळी होती ती परत पानांत टाकली.

भाद्रपदात प्लास्टर निघाले. हात पुरता वळत नाही. कळशी उचलवत नाही. ती आता मी भरतो.

भाऊबिजेला बहीण येणार आहे, आणि कवीमित्रांचेही पत्र आले आहे की त्या दिवशी ते गावातच आहेत, तेव्हा काकूंच्या हातची डाळभाजी पुन्हा होऊन जाऊ द्या. मी त्यांना उलट टपाली कळवले आहे की अवश्य यावे, मात्र बाराऐवजी दहाला यावे. तीन जुड्या पालक निवडायचा आहे, आणि सुरी आमच्याकडे जादा आहे.