पडद्यावरचा मास्तर

राजा परांजपे यांचे नाव निघताच ‘लाखाची गोष्ट’ (१९५२) आठवते. दिग्दर्शक आणि नट या दोन्ही नात्यांनी त्यांचा खरा कस लागला तो मात्र ‘ऊन पाऊस’मध्ये (१९५४). ऐन चव्वेचाळिशीत त्यांनी त्यात वृद्ध शाळामास्तर उभा केला. मुले आईबापांचीच वाटणी करतात. एक इकडे, एक तिकडे. या हलाखीचे मूळ मुलांच्या स्वभावात जितके, तितकेच म्हातारपणी हक्काचे उत्पन्न नसण्यात आहे. राज्यात १ नोव्हेंबर २००५ पासून नव्या नेमणुकांना जुने निवृत्तिवेतन बंद झाले. त्यानंतर परभणी, जिंतूर, पाथरीच्या शाळांत रुजू झालेल्या शिक्षकाला हा चित्रपट जुना वाटणार नाही. जिल्ह्यातील महाविद्यालयांनी तो विद्यार्थ्यांना अवश्य दाखवावा. अर्थशास्त्राच्या तासालासुद्धा चालेल.