काशीदने पाठीमागेही बघावं

अलिबाग-मुरुड गाडीवर मी एसटीत कंडक्टर होतो. साळावचा पूल ओलांडला की कोर्लई, बोर्ली, बारशिव, मग काशीद. पुढे नांदगाव, मजगाव, विहूर आणि मुरुड. काशीदला तेव्हा उतरायचे ते गावातलेच. कुणी रेवदंड्याच्या बाजारातून आलेलं, कुणी शिमग्याला मुंबईहून आलेलं. सुरूच्या बनातून पांढरी वाळू दिसायची आणि किनाऱ्यावर चिटपाखरू नसायचं. आता शनिवारी दुपारी त्याच ठिकाणी गाडी अडकते. रस्त्याच्या दोन्ही कडांना मोटारी लावलेल्या असतात; समोरून ट्रॅव्हल्सची बस आली की ड्रायव्हरने इंजिन बंद करून बसायचं. मुरुडला दवाखान्यात निघालेली मावशी पदराने वारा घेत विचारते, ‘सुटंल ना रं गाडी?’

काशीद हे मुंबई-पुण्याचं सुट्टीतलं उपनगर झालं आहे, आणि त्याचं मला वाईट वाटत नाही. ज्या घरातली पोरं बारावी झाली की भायखळा-परळला नोकरी शोधायची, त्याच घरांत आज खानावळ आहे, दोन खोल्या भाड्याने जातात. गावात राहून पोट भरणं ही मोठी गोष्ट आहे. माझा आक्षेप वाढीच्या दिशेला आहे. गाव समुद्राकडे बघत वाढतंय आणि पाठीशी उभ्या असलेल्या डोंगराला विसरतंय.

तो डोंगर म्हणजे फणसाडचं रान. जंजिऱ्याच्या सिद्दी नवाबांनी ते शिकारीसाठी राखलं होतं. कारण काहीही असो, रान राखलं गेलं. 1948मध्ये संस्थान विलीन झालं. पुढे 1986मध्ये फणसाडला अभयारण्याचा दर्जा मिळाला. आत शेकरू आहे, गिधाडं आहेत, मनगटाएवढ्या जाड गारंबीच्या वेली आहेत. आणि गाणी आहेत. आमच्याकडे रानातल्या बारमाही पाणवठ्याला गाण म्हणतात. चिखलगाण, फणसाडची गाण अशी त्यांची नावं. चैत्र-वैशाखात सगळं रान करपतं, तरी तिथे ओल टिकून असते. पावसाचं पाणी हे रान पोटात धरतं आणि सावकाश खाली सोडतं. रान आणि समुद्र यांच्यामध्ये गावाला जमिनीची चिंचोळी पट्टी तेवढी मिळाली आहे. तिच्यातच घरं, वाड्या, विहिरी, रिसॉर्ट, पोहण्याचे तलाव आणि मुरुडला जाणारा रस्ता. विहिरी त्याच, उपसा मात्र वाढत चालला आहे.

ही पट्टी किती नाजूक आहे ते आम्ही लागोपाठ दोन वर्षं पाहिलं. 3 जून 2020ला निसर्ग चक्रीवादळ आलं आणि तालुक्यातल्या नारळी-पोफळीच्या वाड्या आडव्या झाल्या. माड नव्याने लावला तर हाताशी यायला सहा-सात वर्षं जातात. तोवर वाडीवाल्याने खायचं काय? पुष्कळांनी जमिनीचा सौदा केला तो त्यानंतरच. पुढच्या वर्षी जुलैच्या पावसात काशीदजवळचा जुना पूल कोसळला. एकाचा जीव गेला. मुरुडकडे जाणाऱ्या गाड्या लांबच्या वाटेने वळवाव्या लागल्या. डोंगरावरून उतरणारं पाणी समुद्राला मिळायला निघालं की त्याला वाट लागतेच, आणि ती वाट आपण भिंती-कुंपणांनी अरुंद करत आलो आहोत.

आता काशीदला मोटारी वाहून आणणाऱ्या रो-रो बोटीसाठी जेटी आणि लाटा अडवणारा बंधारा व्हायचा आहे. मांडव्याला मार्च 2020मध्ये रो-रो सुरू झाली, त्यानंतर अलिबागच्या रस्त्यांवर सुट्टीच्या दिवशी काय होतं ते सगळे बघतातच. जानेवारी 2024पासून अटल सेतूही आहे. म्हणजे गर्दी येणार, आणखी येणार. ती झेलायला मात्र ग्रामपंचायतच. शहराएवढा कचरा, शहराएवढी वाहनं, आणि हाताशी खेड्याएवढा पैसा. मुरुडला नगरपरिषद तरी आहे, शिवाय नवाबाच्या काळात बांधलेलं गारंबीचं धरण आहे. काशीदला असं कुणी काही बांधून ठेवलेलं नाही.

म्हणून माझी मागणी सरळ आहे. जेटीवर पहिली मोटार उतरण्याआधी रस्त्याबाहेर वाहनतळ करा, सगळ्या मोऱ्या-पुलांची तपासणी करून तिचा अहवाल ग्रामसभेत वाचून दाखवा, आणि कूपनलिकांवर मीटर बसवा. येणाऱ्या प्रत्येक वाहनामागे पर्यटन कर घ्या. त्यातला ठरावीक वाटा फणसाडच्या कडेच्या गावांना, रानातले वणवे विझवायला द्या. आणि काशीदच्या माझ्या बांधवांनो, डोंगराच्या बाजूची जमीन विकण्याआधी आपल्या विहिरीला पाणी कुठून येतं, एवढं घरात बसून एकदा बोला.