वक्त्यावांचून पुराण

जे. आर. आर. टॉल्किन या ऑक्सफर्डच्या प्राध्यापकानें एक संबंध जग कल्पिलें आणि त्याचा पुराणेतिहास आयुष्यभर लिहीत राहिला. 'सिल्मरिलियन' या नांवाचा तो ग्रंथ त्याच्या मृत्यूनंतर चार वर्षांनीं, १९७७ सालीं, त्याचा पुत्र क्रिस्टोफर यानें संपादून प्रसिद्ध केला. त्याचे वाचक दोन प्रकारचे आढळतात. एक म्हणतात, हें खोटें पुराण. जे देव कोणीं कधीं पुजले नाहींत त्यांचें माहात्म्य आम्हीं कां वाचावें? दुसरे त्याचें पारायण करतात, आणि त्यांतील प्रत्येक वाक्य त्या जगापुरतें आप्तवाक्य समजून त्यावर वाद मिटवितात. पहिल्या पक्षासाठीं फारशी शाई खर्चण्याचें कारण नाहीं. नाटक खोटें म्हणून जे नाटकास जात नाहींत, त्यांनीं हें पुस्तकही खुशाल मिटून ठेवावें. आमचें भांडण आहे तें भक्तमंडळींशीं.

सृष्टीच्या आधीं ईश्वरापुढें देवगणांनीं गाइलेलें महासंगीत, येथून ग्रंथाचा आरंभ होतो. वर्णन भव्य आहे यांत शंका नाहीं. पण वाचतांना साधा प्रश्न मनांत यावा कीं, तें गाणें ऐकून आम्हांला सांगितलें कोणीं? टॉल्किनला हा प्रश्न सुचला नव्हता असें नाहीं. पहिल्या महायुद्धाच्या काळांत त्यानें या कथा लिहावयास घेतल्या, तेव्हां एरिओल नांवाचा दर्यावर्दी एका एकाकी बेटावर जातो व तेथील एल्फ लोकांच्या तोंडून त्या ऐकतो, अशी त्याची योजना होती. संगीताची कथा त्याला रूमिल नांवाचा एल्फ सांगतो. पुढें दर्यावर्द्याचें नांव बदललें, सांगणारा बदलला, पण कोणी तरी कोणाला तरी सांगत आहे ही गोष्ट पुष्कळ काळ टिकली. १९५५ सालीं निघालेल्या 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या तिसऱ्या खंडांत म्हातारा बिल्बो आपण एल्फभाषेंतून केलेल्या भाषांतरांचीं तीन पुस्तकें फ्रोडोच्या स्वाधीन करतो. तींच 'सिल्मरिलियन' होत असें मानण्यास जागा आहे, आणि क्रिस्टोफरनेंही तसेंच मानलें आहे. छापील ग्रंथांत मात्र सांगणारा म्हणून यांपैकीं कोणीच उरला नाहीं.

आमच्याकडील श्रोत्याला याचें नवल वाटेल. महाभारत उघडलें कीं नैमिषारण्य, शौनकाचें सत्र आणि सौति. त्याच्या मागें जनमेजयाचें सर्पसत्र आणि वैशंपायन. त्याच्याही मागें व्यास. ही कथा अर्जुनाच्या पणतूपुढें सांगितली जात आहे हें युद्ध जुंपण्याच्या पुष्कळ आधीं आपल्याला ठाऊक असतें, आणि दुर्योधनाचें बोलणें ऐकतांना आपण त्या मानानें कान अधिक टवकारतों. वक्ता काढून टाकला कीं त्याच कथेची आकाशवाणी होते.

ही उणीव संपादकाच्या ध्यानांत आली नाहीं असें मुळींच नाहीं. १९८३ सालीं 'बुक ऑफ लॉस्ट टेल्स'च्या पहिल्या भागाला जोडलेल्या प्रास्ताविकांत, चौकटीवांचून ग्रंथ काढला ही आपली चूक झाली, असें क्रिस्टोफरनें उघड लिहिलें. आणि १९९६ पर्यंत बारा खंडांत वडिलांचीं बाडें जशीं होतीं तशीं वाचकांपुढें मांडलीं. डोरिआथच्या विनाशाचें प्रकरण तर त्याला आणि त्याचा साहाय्यक गाय गॅव्ह्रिएल के याला बव्हंशीं स्वतःच जुळवावें लागलें होतें. इतका प्रामाणिक संपादक विरळा. भक्तांनीं मात्र ही कबुली वाचूनही आपली पोथी जशीच्या तशी चालू ठेवली.

कोणी म्हणेल, कल्पित जगांत ग्रंथकार म्हणेल तेंच सत्य. तेथें साक्षीपुराव्याचें काय काम? पण ग्रंथकार तरी काय म्हणतो? मोर्गोथानें पकडलेल्या एल्फांना छळून त्यांपासून ऑर्क निपजविले, हें वाक्य भक्त सिद्धांत म्हणून फेंकतात. मूळ ग्रंथांत तें एरेस्सेआ बेटावरील जाणत्यांचें मत म्हणून दिलें आहे, एवढेंच. ऑर्कांच्या उत्पत्तीविषयीं टॉल्किननें उतारवयांत आणखी निरनिराळे तर्क लिहून ठेविले, ते १९९३ सालीं छापलेही गेले. ज्या गोष्टीचा निर्णय निर्मात्यानें केला नाहीं, तिचा निर्णय पारायणकर्त्यांनीं करून टाकला आहे!

आल्क्वालोन्दे बंदराचीच गोष्ट घ्या. नोल्दोर नांवाच्या एल्फकुळानें टेलेरी कुळाचीं जहाजें बळानें घेतलीं व आपल्याच भाऊबंदांना कापून काढलें. या हत्येची हकीकत ज्या शोकगीतांत आहे म्हणून ग्रंथ सांगतो, तें रचलें माग्लोरनें; म्हणजे ज्यानें तलवार उपसविली त्या फेआनोरच्या मुलानें. गीताचें नांव 'नोल्दोलान्ते', नोल्दोरांचा अधःपात. मेले टेलेरी, आणि गीत मारणाऱ्यांच्या पतनाचें! हें वैगुण्य नव्हे. आमच्या मतें येथेंच टॉल्किनची खरी थोरवी आहे. जेत्यांची आणि निर्वासितांची बखर कशी लिहिली जाते हें त्याला पक्कें ठाऊक होतें, आणि तो दोष त्यानें आपल्या बखरींत जपून ठेवला. पोथी म्हणून वाचणारास तो दिसतच नाहीं. तो दुःखी होऊन पान उलटतो.

किंवा मीम पाहा. तूरीनचा आश्रय शत्रूला दाखविणारा दगलबाज म्हणून हा खुजा ड्वार्फ भक्तांना ठाऊक असतो. त्याचा एक मुलगा तूरीनच्याच टोळीच्या बाणानें आधीं मेला होता, ही गोष्ट क्वचितच कोणाच्या तोंडीं येते. त्याच्या जातीला एल्फ लोक पूर्वीं, हे कोण आहेत हें न कळल्यामुळें, शिकार करून मारीत. पुढें तें त्यांनीं सोडून दिलें, असें ग्रंथ जातां जातां सांगतो आणि पुढें चालूं लागतो. मीमच्या लोकांनीं बखर लिहिली असती तर तिचें पहिलें प्रकरण याच वाक्याचें झालें असतें. पण मीमबरोबर ती जात संपली, आणि हुरीननें त्याला मारल्याची हकीकतही आपण एल्फांच्याच बखरींत वाचतों.